एडिटरला नेहमी विचारले जाणारे प्रश्न आणि त्यांची थोडी लांबलेली उत्तरं

लग्नाच्या पंगतीत, लोकलमध्ये, कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये, कुठेही 'मी सिनेमाची एडिटर आहे' असं सांगितलं की पुढचे प्रश्न जवळपास ठरलेलेच असतात. वीसेक वर्षं तीच उत्तरं देऊन झाली, तेव्हा म्हटलं एकदा लिहूनच काढावीत. श्रेयनामावलीत आमच्या नावापुढे 'संकलन' छापतात. रोजच्या बोलण्यात मात्र तो शब्द आमच्यातलं कुणीच वापरत नाही, म्हणून इथेही एडिट आणि एडिटरच.

एडिटर म्हणजे नको ते कापून टाकणारा, बरोबर ना?

नको ते काढणं म्हणजे गवार निवडण्यासारखं झालं. तिथे शेंग आधीपासून शेंगच असते, शिरा तेवढ्या ओढायच्या. एडिटला बसताना आपल्यापुढे शेंग आहे की नुसता पाला, हेच ठरलेलं नसतं. दोन तासांच्या सिनेमासाठी तीस, चाळीस, कधी त्याहून जास्त तासांचं फुटेज येतं. एकच वाक्य सात टेकमध्ये, चार अँगलनी म्हटलेलं असतं. त्यातलं कुठलं घ्यायचं, कुणाच्या चेहऱ्यावर घ्यायचं, त्याच्या आधी काय आणि नंतर काय, आणि ते वाक्य मुळात लागतं का, हे ठरवणं म्हणजे एडिट. सीन जागा बदलतात. पटकथेतला अठ्ठाविसावा सीन सिनेमाचा पहिला सीन होतो. दोन सीन एकमेकांत विणले जातात. एखादं पात्र पूर्ण जातं आणि त्या बिचाऱ्या नटाला प्रीमियरलाच कळतं. (त्याला आधी फोन करायला हवा. तो फोन करायचं काम कुणाचं, यावर दरवेळी वाद होतो.)

शूटिंगला तुम्ही जाता का?

शक्यतो नाही, आणि हे मी मुद्दाम पाळते. सेटवर गेलं की त्या शॉटसाठी लोक पहाटे चारपासून थंडीत उभे होते, क्रेन किती वेळा अडकली, हिरोइनला ताप होता, हे सगळं कळतं. मग तो शॉट काढताना हात अडखळतो. प्रेक्षकाला यातलं काही ठाऊक नसतं. त्याला फक्त पडदा दिसतो. दिग्दर्शक, कॅमेरामन, आर्टवाले, सगळ्यांनी तो शॉट घडताना पाहिलेला असतो आणि त्यांच्या डोळ्यांवर त्याची आठवण बसलेली असते. त्या सगळ्यांत एकटी मीच सेटवर नव्हते. माझ्या मते हीच माझी खरी पात्रता. सॉफ्टवेअर कुणालाही शिकता येतं.

कट नेमका कुठे मारायचा हे कसं ठरतं?

याचं उत्तर नियमांत देता येत नाही, म्हणून एक सीन सांगते. सिनेमाचं नाव सोडून देऊ.

कराडजवळचं एक घर. मुलगा पुण्याहून अचानक आलाय. आई ओट्यापाशी पाठमोरी. मुलगा म्हणतो, "आई, मी नोकरी सोडली." आई म्हणते, "चहा घेतोस ना?" बस, एवढाच सीन. शूट केलेलं असं: दोघांचा एक वाइड, म्हणजे लांबून घेतलेला शॉट, मुलाच्या चेहऱ्याचा क्लोज, आईच्या चेहऱ्याचा क्लोज आणि नुसत्या शेगडीचा एक इन्सर्ट.

पहिल्या कटमध्ये मी शाळेत शिकवल्यासारखं केलं. मुलाचं वाक्य मुलावर. मग आईचा क्लोज, तिच्या चेहऱ्यावर धक्का. मग तिचं वाक्य. बघितलं, ठीक होतं, पण एखाद्या सिरियलमधला सीन वाटत होता. आईला धक्का बसला हे चेहरा आणि वाक्य दोघंही सांगत होते, म्हणजे एकच गोष्ट दोनदा.

मग मी एनजी, म्हणजे 'नो गुड' म्हणून बाद केलेले टेक उघडले. सेटवर टेकच्या नोंदी ठेवतात त्या कंटिन्युइटी शीटवर चौथ्या टेकपुढे 'एनजी, गॅस पेटला नाही' असं लिहिलेलं. त्या टेकमध्ये वाइडमध्ये नटीने लायटर दाबला, पेटला नाही. परत दाबला, परत नाही. तिसऱ्यांदा पेटला. सेटवर सगळ्यांना ती फजिती वाटली असणार, आणि दिग्दर्शकाने लगेच 'अजून एक' म्हटलेलं ऐकू येतं. मी सेटवर नव्हते. मला त्यात हात थरथरणारी आई दिसली.

शेवटी सीन असा झाला. "मी नोकरी सोडली" हे मुलावर. त्याच्यावरच थांबायचं. मागून लायटरचा टक्, टक् आवाज. मुलाची नजर वर जाते. मग वाइड, आईची पाठ, तिसरा टक्, ज्योत. आणि त्या पाठीतूनच, "चहा घेतोस ना?" आईचा चेहरा सीनमध्ये कुठेच नाही.

मग भांडण झालं ते फ्रेमवरून. मुलाचं वाक्य संपल्यावर मी त्याच्यावर अडतीस फ्रेम थांबले होते. सेकंदाला चोवीस फ्रेम, म्हणजे दीड सेकंदाहून थोडं जास्त. दिग्दर्शकाला चोवीसच हव्या होत्या. चौदा फ्रेमवरून आम्ही दुपार घालवली. चोवीसवर मुलगा 'सांगून मोकळा झाला' असा वाटायचा. अडतीसवर त्याला सांगितल्याचा पश्चात्ताप होतोय असं वाटायचं. शेवटी दिग्दर्शकाने विचारलं, "याला पश्चात्ताप होतोय का?" मी म्हटलं, ते तुम्ही सांगायचं. तो बराच वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "ठेव अडतीस."

त्या सीनमध्ये लायटरचा आवाज चित्राच्या आधी येतो. त्याला आम्ही 'जे' (J) कट म्हणतो: आवाज आधी, चित्र मागून. उलटं केलं, म्हणजे चित्र बदललं पण आधीचा आवाज रेंगाळत राहिला, तर 'एल' (L) कट. टाइमलाइनवर, म्हणजे सॉफ्टवेअरमध्ये चित्र आणि आवाज ओळीने लावतात त्या पट्टीवर, तुकडे त्या इंग्रजी अक्षरांच्या आकारात दिसतात म्हणून ही नावं. संवादाच्या सीनमध्ये चित्र आणि आवाज एकाच ठिकाणी कापले की सीन पिंगपाँगसारखा होतो.

'चांगलं एडिटिंग दिसत नाही' हे खरं का?

अर्धं खरं. हे वाक्य इतकं घासलं गेलंय की कट दिसू नयेत म्हणून लोक सगळंच गुळगुळीत करून ठेवतात. कधीकधी कट दिसायलाच हवा.

आणि याची दुसरी बाजूही बघा. चैतन्य ताम्हाणेचा 'कोर्ट' आला तेव्हा मला कितीतरी जणांनी विचारलं, "यात एडिटिंग कुठे आहे? कॅमेरा तर नुसता ठेवलेला." रिखव देसाईंचं ते एडिट पुन्हा बघा. सुट्टी लागते, कोर्टाच्या खोलीतले दिवे एकेक करून विझतात, पडदा काळा होतो. वाटतं, संपला सिनेमा. आणि तो संपत नाही. पुढे न्यायाधीश सहलीला गेलेले दिसतात. तो काळा पडदा तिथे ठेवणं आणि त्यानंतर पुन्हा सुरू करणं, हा एडिटचा निर्णय आहे, आणि तो शंभर झटपट कटांपेक्षा अवघड आहे. 'सैराट'च्या शेवटी आवाज काढून घेतलाय, तोही तसाच. कुतुब इनामदारांच्या त्या एडिटबद्दल बोलताना लोक 'झिंगाट'च्या कटिंगबद्दल बोलतात, शेवटाबद्दल बोलत नाहीत. मला मात्र शेवटच आठवतो.

रशेस, म्हणजे शूट झालेलं कच्चं फुटेज, आल्यापासून थिएटरपर्यंत काय काय होतं?

शूटिंग संपलं की त्या दिवसाची कार्डं डिस्कवर उतरवतात. किमान तीन कॉपी, आणि त्यातली एक वेगळ्या जागी, हा माझा हट्ट असतो. त्याला कारण आहे. सुरुवातीच्या काळात एका छोट्या सिनेमावर पैसे वाचवायला एकाच डिस्कवर सगळं ठेवलं होतं. कोकणातल्या शूटिंगची ती डिस्क टेबलावरून पडली. डेटा रिकव्हरीवाल्याने हात टेकले. अर्ध्या दिवसाचं काम गेलं, दोन सीन कायमचे गेले, आणि पुन्हा तिकडे जाऊन शूट करायला ना पैसे होते ना तारखा. मुलगी गाव सोडून निघते तो सीनच नाही अशा अवस्थेत आम्ही सिनेमा बांधला. ती निघते हे आता फक्त रिकाम्या पडवीवरून कळतं. प्रेक्षकांनी त्या पडवीचं कौतुक केलं, तरी मला अजून ती डिस्क स्वप्नात दिसते.

पुढे असिस्टंट फुटेज तपासतो, क्लॅपवरून चित्र आणि आवाज सिंक करतो, हलक्या फाइली म्हणजे प्रॉक्सी काढतो आणि सीन, शॉट, टेकनुसार लावून ठेवतो. मग लाइन-अप, म्हणजे पटकथेच्या क्रमाने सगळं एका दोरीत. लाइन-अप नेहमी भयानक असते. तीन-साडेतीन तासांची, ढिसाळ, आणि ती बघून प्रत्येक दिग्दर्शकाला आपण चुकीच्या व्यवसायात आलोय असं वाटतं. त्या दिवशी त्याच्यासोबत जेवायला जावं आणि सिनेमाबद्दल एक अक्षरही बोलू नये.

मग रफ कट, म्हणजे सिनेमाचा पहिला कच्चा आकार, आणि त्यावर महिनोन्महिने बसणं. माझ्या टाइमलाइनला 'फायनल' असं नाव देण्याची कुणालाही परवानगी नाही, फक्त तारीख घालायची. सगळ्यांची मान डोलली की चित्र लॉक होतं, म्हणजे यापुढे कट हलवायचे नाहीत. लॉक झालेला सिनेमा साधारण वीस-वीस मिनिटांच्या रिळांत तोडतात. डिजिटलच्या जमान्यातही त्याला रीलच म्हणतात. प्रत्येक रिळाच्या सुरुवातीच्या बरोबर दोन सेकंद आधी एका फ्रेमचा 'पिप' आवाज ठेवतात. साउंडवाल्यांना त्यावरून कळतं की चित्र आणि आवाज एकमेकांना धरून आहेत. तो पिप एक फ्रेम जरी सरकला तरी मिक्सिंगच्या दिवशी सगळ्यांचे चेहरे बघण्यासारखे होतात.

मग साउंड, पार्श्वसंगीत, रंगांचं काम म्हणजे डीआय, व्हीएफएक्स, हे आपापल्या ठिकाणी समांतर चालतं. शेवटी सगळं एकत्र येऊन डीसीपी, म्हणजे थिएटरात दाखवायची डिजिटल प्रत, बनते आणि ती थिएटरला जाते.

पूर्वी फिल्मवर कसं करत?

मी २००१ साली असिस्टंट म्हणून लागले तेव्हा मुंबईत एडिट कॉम्प्युटरवरच व्हायला लागलं होतं. तरी ज्यांच्याकडे लागले त्या सरांच्या स्टुडिओच्या एका कोपऱ्यात स्टीनबेक, म्हणजे फिल्म एडिट करायचं यंत्र, धूळ खात होतं. एक आडवं टेबल, त्यावर पॉझिटिव्ह प्रिंट आणि आवाजाची पट्टी शेजारी-शेजारी फिरणार, मधे छोटा पडदा. कट म्हणजे खरोखर कट: फिल्म कापायची आणि पारदर्शक टेपने जोडायची. डिझॉल्व्ह, म्हणजे एक चित्र विरघळत दुसरं येणं, हवा असेल तर फिल्मवर मेणाच्या पेन्सिलीने तिरकी रेघ ओढायची. पस्तीस एमएमच्या एका फुटात सोळा फ्रेम, मिनिटाला नव्वद फूट. म्हणजे दोन तासांचा सिनेमा दहा हजार आठशे फूट. 'बिन' हा शब्द आज सॉफ्टवेअरमधल्या फोल्डरला वापरतो, पण मुळात ती कापडाचं अस्तर लावलेली टोपली, जिच्यावर फिल्मच्या पट्ट्या खिळ्यांना लटकवून ठेवत.

सर म्हणायचे की तेव्हा कट मारायच्या आधी माणूस विचार करायचा, कारण परत जोडायला वेळ लागायचा. मी यावर फार भावुक होत नाही. परत जोडता येतं म्हणून आज आपण जास्त शक्यता बघू शकतो. पण रीळ मागे गुंडाळायला लागायचा तेवढा वेळ सीनबद्दल बोलायला मिळायचा, हे मात्र खरं.

त्याही मागे जायचं तर १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'पाशी. दादासाहेब फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई कोऱ्या फिल्मला अंधारात छिद्रं पाडायच्या, फिल्म धुवायला हातभार लावायच्या आणि जोडकामातही मदत करायच्या, असं सांगितलं जातं. घरात पोरंबाळं, युनिटचा स्वयंपाक आणि वर हे. श्रेयनामावलीचा प्रश्नच नव्हता.

म्हणजे बायकांना हे क्षेत्र चांगलं आहे का?

सरस्वतीबाईंनंतर सरळ रेणू सलुजांचं नाव घेते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थिनी. 'जाने भी दो यारो', 'अर्धसत्य', 'परिंदा', सगळी एडिट त्यांची, आणि एडिटिंगचे चार राष्ट्रीय पुरस्कार. २००० साली त्या गेल्या. मी एक वर्ष उशिरा या धंद्यात आले याची मला अजून चुटपुट आहे. आज नम्रता राव, दीपा भाटिया, आरती बजाज अशी नावं सहज घेता येतात, म्हणून 'बायकांना जमतं का' असं आता कुणी विचारत नाही.

प्रश्न वेगळेच आहेत. रात्री एकला काम संपतं आणि मी डोंबिवलीला राहायचे. शेवटची लोकल चुकली की एडिट रूमच्या सोफ्यावर झोप आणि सकाळी तिथेच चहा. घरी गाडीने सोडायचं हे करारात लिहून घ्या, विचारायला लाजू नका. मी दोन वर्षं लाजले.

फिल्म इन्स्टिट्यूटला जायलाच हवं का?

मी गेले नाही. मी ठाण्याची बी.कॉम. पण जाता आलं तर जा. पुण्यातली संस्था १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झाली. तिथे एडिटिंगचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. कुठल्याही शाखेची पदवी चालते. कोलकात्याला सत्यजित राय यांच्या नावाची संस्था आहे, तिथेही एडिटिंग शिकवतात. प्रवेश सोपा नाही.

संस्थेत जे मिळतं ते म्हणजे वेळ आणि सोबत. जगभरचे सिनेमे रोज बघायचे, त्यावर भांडायचं, आणि फसण्याची मोकळीक. माझ्यासारखे बाहेरून आलेले हे सगळं दुसऱ्याच्या पैशावर शिकतात, म्हणजे फसायची सोय नसते. पुण्याच्या संस्थेत एडिटिंग शिकून दिग्दर्शक झालेलेही पुष्कळ आहेत. नागपूरचे राजकुमार हिरानी त्यांतले एक, आणि ते आपले सिनेमे अजून स्वतः एडिट करतात.

महिन्याभरात एडिटर बनवून देण्याच्या जाहिराती दिसतात. तिथे बटणं शिकवतात. बटणं शिकायला महिना खरंच पुरतो.

कुठलं सॉफ्टवेअर शिकू?

जे हाताशी आहे ते. मोठ्या सिनेमांवर अॅव्हिड अजून टिकून आहे, कारण एकाच प्रोजेक्टवर चार जणांनी काम करायचं असेल तर ते निमूट चालतं. मराठी सिनेमात अॅडोबी प्रीमियर भरपूर वापरतात. दा विंची रिझॉल्व्हची एक आवृत्ती फुकट मिळते, तर तिथून सुरुवात करायला काय हरकत आहे? एक नीट आलं की दुसरं पंधरा दिवसांत येतं.

लॅपटॉप कोणता घेऊ?

डिस्कवर जास्त पैसे घाला.

असिस्टंट म्हणून काम कसं मिळतं आणि काय करावं लागतं?

मुंबईत अंधेरी पश्चिमेकडे आरामनगर, ओशिवरा, वीरा देसाई रोड, या पट्ट्यात छोट्या-मोठ्या एडिट रूम गच्च भरलेल्या आहेत. मेलवर बायोडेटा पाठवून फारसं होत नाही. ज्याचं काम आवडलं त्या एडिटरला त्याच्या एखाद्या सीनबद्दल नेमकं काहीतरी लिहा. "सर, मी तुमचा फॅन आहे" असे मेसेज मी न वाचता पुढे जाते. एकदा एका मुलीने लिहिलं, "तुमच्या अमुक सिनेमात बसस्टँडच्या सीनला मला कंटाळा आला, तिथे तुम्ही का थांबलात?" तिला मी दुसऱ्या दिवशी बोलावलं. ती माझ्याकडे चार वर्षं होती.

काम म्हणाल तर पहिलं वर्ष सिंक, लेबलं, एक्सपोर्ट आणि चहा सांगणं. पण एडिटर आणि दिग्दर्शक बोलत असताना त्याच खोलीत मागे बसायला मिळतं, आणि शिक्षण तिथेच होतं. रात्री सगळे गेल्यावर एखादा सीन स्वतः कापून ठेवा. दाखवायची घाई करू नका. कधीतरी एडिटर अडकतो आणि विचारतो, "तू काय केलं असतंस?" त्या वेळी तुमच्याकडे कट तयार हवा.

पैसे किती मिळतात?

आकडा सांगत नाही, कारण छोट्या मराठी सिनेमाचा आणि मोठ्या हिंदी वेब सिरीजचा आकडा एका वाक्यात बसत नाही. पद्धत सांगते. पैसे हप्त्यांत येतात: थोडे सुरुवातीला, थोडे रफ कटला, थोडे लॉकला, उरलेले शेवटी. शेवटचा हप्ता सगळ्यात जास्त बुडतो. माझा एकदा असाच बुडाला. सिनेमा लॉक झाला, निर्मात्याचे दुसरे उद्योग अडचणीत आले, सिनेमा डब्यात गेला आणि निर्मात्याने फोन उचलणं बंद केलं. तेव्हापासून शेवटचा हप्ता हातात आल्याशिवाय प्रोजेक्ट आणि फाइली द्यायच्या नाहीत, असं मी करारातच घालते. किती महिने काम, आणि त्यानंतर महिन्याला जादा किती, हेही लिहा. 'घरचाच सिनेमा आहे' असं जिथे ऐकाल तिथे तर नक्कीच लिहा.

सिरियल, वेब सिरीज आणि सिनेमा, फरक काय?

डेली सोपमध्ये अर्ध्या तासाच्या स्लॉटला बावीस-तेवीस मिनिटांचा एपिसोड रोज द्यायचा असतो. सकाळी शूट झालेलं कधीकधी त्याच रात्री टेलिकास्टला जातं. बँक, म्हणजे आधी तयार करून ठेवलेले एपिसोड, संपली की एडिटर घरी जात नाही. तिथे हात विजेसारखा होतो. नाकं मुरडू नका, मी तीन वर्षं केलंय, आणि आज सीन पटकन वाचता येतो तो त्याच्यामुळेच. पण तिथून वेळेवर बाहेर पडा, कारण प्रत्येक रिअॅक्शन तीनदा दाखवायची सवय लागली की ती सुटत नाही. वेब सिरीजमध्ये काम सिनेमासारखं आणि लांबी सिरियलसारखी. जाहिरातीत सहा सेकंदांवर आठ माणसं मत देतात.

मध्यंतर कोण ठरवतं?

आपल्याकडचा हा खास प्रश्न. पटकथेत 'मध्यंतर' लिहिलेलं असतं, पण एडिटमध्ये सीन सरकले की तेही सरकतं. महोत्सवांसाठी केलेल्या सिनेमात मध्यंतर ठेवलंच नाही, तर थिएटरवाला स्वतःच्या सोयीने पाडतो, कारण त्याला पॉपकॉर्न विकायचे असतात. एकदा माझ्या एका सिनेमात वाक्याच्या मधोमध दिवे लागले. तेव्हापासून दिग्दर्शक कितीही कलात्मक असला तरी मी एक जागा शोधून ठेवतेच.

सेन्सॉरचे कट तुम्हीच मारता का?

हो. मंडळ सुचवतं, आम्ही करतो आणि पुन्हा दाखवतो. शिव्या म्यूट करणं, दृश्य कमी करणं, सूचनेचा मजकूर घालणं. पात्राने सिगारेट ओढली की खाली इशारा, आणि सिनेमाच्या सुरुवातीला व मध्यंतरानंतर तंबाखूविरोधी जाहिरात, हे सगळं आमच्याच टाइमलाइनवर येतं. २०२४ च्या नियमांपासून यूए, म्हणजे मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघायच्या सिनेमाच्या, प्रमाणपत्रात सात, तेरा आणि सोळा वर्षं असे वयाचे टप्पे झाले. त्यामुळे आता निर्माता आधीच विचारतो, "एवढं काढलं तर तेरामध्ये बसेल का?" मला हा प्रश्न एडिट रूममध्ये नको असतो. पण तो येतो.

भाषा येत नसेल तर त्या भाषेतला सिनेमा एडिट करता येतो का?

करतात. हृषीकेश मुखर्जींनी १९६५ च्या 'चेम्मीन' या मल्याळम सिनेमाच्या एडिटमध्ये काम केलं होतं. चेहरा आणि लय समजायला शब्द लागत नाहीत.

तरी मी म्हणेन, लागतात. आणि परकी भाषा सोडा, मराठीतल्या मराठीत लागतात. एका मालवणी सीनमध्ये आजोबा आत बसलेल्या म्हातारीला "येतंय गो", म्हणजे 'येतो गं', म्हणून बाहेर पडतात. माझा असिस्टंट सोलापूरचा, कान तयार नव्हता. त्याला तो 'गो' म्हणजे वाक्याचं सांडलेलं शेपूट वाटलं. सहा फ्रेम असतील, त्याने उडवल्या. सीन बघितला तर आजोबा रागावून निघून गेल्यासारखे. काहीच बदललं नव्हतं आणि सगळं बदललं होतं. आम्ही तासभर चेहरे बघत बसलो आणि दोष आवाजात निघाला. सहा फ्रेम परत आल्या, म्हातारा परत प्रेमळ झाला. वऱ्हाडीतला 'गा', नागपुरी 'बे', यांचंही असंच. आता बोलीतला सिनेमा असेल तर त्या गावचं कुणीतरी एकदा खोलीत बसवते.

दिग्दर्शकाशी पटलं नाही तर?

सिनेमा त्याचा आहे. मी दोनदा स्पष्ट सांगते, तिसऱ्यांदा तो म्हणतो तसं करते, आणि माझा कट वेगळ्या बिनमध्ये जपून ठेवते. कधी तो महिन्याने परत येतो. कधी मीच महिन्याने बघते आणि त्याचं बरोबर होतं. दिग्दर्शकाने स्वतःच एडिट करू नये असं मी ठामपणे सांगायचे. मग ताम्हाणेने 'द डिसायपल' स्वतः एडिट केला आणि माझा मुद्दा पंक्चर झाला.

'पोस्टमध्ये', म्हणजे शूटिंगनंतरच्या कामात, 'बघून घेऊ' म्हणतात, एडिटवर वाईट सिनेमा वाचतो का?

वाईट सिनेमा बरा होतो. बरा सिनेमा चांगला होतो. जे शूटच केलेलं नाही ते मात्र आणता येत नाही, आणि नटाला न झालेलं दुःख मी सहा फ्रेम वाढवून आणू शकत नाही. कुठे नजर, कुठे पाठ, कुठे शांतता उसनी घेऊन फसवाफसवी करता येते. पण ती प्रत्येक वेळी पचत नाही.

एआयमुळे एडिटर जाणार का?

सिंक, संवाद टाइप करून घेणं, फुटेज शोधणं, ही कामं झपाट्याने सोपी झाली. असिस्टंटचं पहिलं वर्ष त्यामुळे बदलेल, आणि मागे बसून शिकणाऱ्या पोरांना खोलीत शिरायचं निमित्त काय उरेल, याची मला काळजी वाटते. मराठी संवाद टाइप करणारं एक सॉफ्टवेअर मी वापरून बघितलं. पुणेरी मराठी बरी लिहिली, आणि वरच्या त्या सीनमधला 'गो' गाळला.

पाठ, मान, डोळे?

खुर्चीवर पैसे खर्च करा. दर तासाला उठा. मी हे पाळत नाही.

स्वतः एडिट केलेला सिनेमा थिएटरात बघता का?

बघते, पण पडद्याकडे नाही. शेवटच्या रांगेत कडेला बसते आणि डोकी बघते. सिनेमा धरून असला की डोकी स्थिर असतात. सुटला की कुणी बाटली उघडतं, कुणाचा मोबाइल उजळतो, बायका पदर सावरतात. एडिट रूममध्ये चार महिने कुणी सांगत नाही ते इथे चार सेकंदांत कळतं.

कराडचा तो सीन मी साताऱ्याच्या एका थिएटरात पहिल्यांदा लोकांबरोबर बघितला. दुपारचा खेळ, पाऊण थिएटर रिकामं. "मी नोकरी सोडली." मी मनात फ्रेम मोजायला लागले. लायटर टक् वाजला, पेटला नाही. पुन्हा टक्. आणि माझ्या पुढच्या रांगेतली एक आजी शेजारणीला कुजबुजली, "अगं, सिलिंडर संपला असेल."

तिच्या शेजारणीने तिला गप्प केलं. तेवढ्यात तिसरा टक् झाला, ज्योत पेटली, "चहा घेतोस ना?" आलं, आणि ती आजी म्हणाली, "नाही गं. तसं नाही."